हजेरीपटाबाहेरची ओळख

(राजापेठ येथील वसंत व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानावरून)

व्याख्यानमालेच्या चालकांनी या वसंतात मला बोलावयास सांगितले, तेव्हा ते मला कामगार चळवळीचा इतिहास हाच विषय देतील अशी माझी कल्पना होती. गेली तीस वर्षे मी तेच काम करीत आलो असल्याने त्यावर बोलण्यास फारशी तयारीही लागली नसती. परंतु मला एका छायाचित्रकारावर बोलू द्यावे, अशी विनंती मी त्यांस केली. चालकांस थोडे नवल वाटले. शाळा सातवीत सोडून जिनिंगमध्ये सरकी उपसावयास लागलेल्या माणसाने कलेवर काय बोलावे, असे त्यांच्या मनात आले असल्यास त्यात वावगे काही नाही. कलेतले मला कळत नाही. हजेरीपट मात्र मला वाचता येतो, आणि ज्या छायाचित्रकाराविषयी मी बोलणार आहे, त्याचे काम समजावयास तेवढे पुरेसे आहे असे माझे मत आहे.

त्या छायाचित्रकाराचे नाव सुधारक ओलवे. ते आपल्या वऱ्हाडचे. १९६६ साली अकोल्यास त्यांचा जन्म झाला. गोपाळ गणेश आगरकर अकोल्याच्या शाळेत शिकून १८७५ साली मॅट्रिक झाले, आणि पुढे १८८८ साली त्यांनी 'सुधारक' पत्र काढले, हे आपणांपैकी बहुतेकांस ठाऊक आहे. त्याच गावी नव्वद वर्षांनी जन्मलेल्या एका मुलाचे नाव सुधारक असावे, हा योग मला आवडतो. त्यावर अधिक काही रचण्याचे कारण नाही. १९८८ पासून ओलवे मुंबईच्या वृत्तपत्रांत छायाचित्रकार म्हणून काम करू लागले, आणि पुढे एका मोठ्या इंग्रजी दैनिकाच्या छायाचित्र विभागाचे प्रमुखही झाले. पुढाऱ्यांच्या सभा, नटनट्यांचे समारंभ, क्रिकेटचे सामने, पुरात बुडालेले रस्ते हे वृत्तपत्राच्या छायाचित्रकाराचे रोजचे काम होय. ते त्यांनी केलेच. पण त्यांचे नाव जगात झाले ते या कामामुळे नव्हे. मुंबईचा कचरा उचलणाऱ्या माणसांची छायाचित्रे त्यांनी वर्षानुवर्षे काढली, त्यामुळे झाले.

या कामाकडे वळण्यापूर्वी थोडे मागे जाणे अवश्य आहे. गरीब माणसाचे छायाचित्र काढणे ही काही नवी गोष्ट नव्हे. कॅमेरा हिंदुस्थानात आला त्यानंतर थोड्याच वर्षांत तो गरिबाकडे वळला. प्रश्न आहे तो हा की, ते छायाचित्र कोणासाठी काढले गेले?

मुंबईत १८५४ साली फोटोग्राफिक सोसायटी स्थापन झाली. डॉ. भाऊ दाजी लाड यांचे बंधू नारायण दाजी हे त्या काळचे नामांकित छायाचित्रकार. त्याच दशकात विल्यम जॉन्सन या गोऱ्या छायाचित्रकाराने मुंबईत राहणाऱ्या निरनिराळ्या जातिजमातींच्या लोकांची छायाचित्रे काढली, आणि ती नंतर ग्रंथरूपाने छापली. पुढे सरकारने हे काम हाती घेतले, आणि १८६८ ते १८७५ या काळात 'द पीपल ऑफ इंडिया' हा आठ खंडांचा ग्रंथ लंडनला निघाला. त्यात चारशेहून अधिक छायाचित्रे आहेत. प्रत्येक छायाचित्राखाली जातीचे किंवा जमातीचे नाव असून पुढे त्या लोकांचा स्वभाव कसा, ते विश्वासू आहेत की दगाबाज, हे लिहिलेले आहे. माणसाचे स्वतःचे नाव मात्र बहुधा नाही. सत्तावनचे बंड नुकतेच होऊन गेलेले होते. ज्यांच्यावर राज्य करावयाचे ते लोक दिसतात कसे, हे राज्यकर्त्यांस हवे होते. व्यापारी मालाचे नमुने ठेवतो, तसे हे माणसांचे नमुने होते.

या ग्रंथासंबंधी एक हकीगत प्रसिद्ध आहे. १८६९ साली सर सय्यद अहमद खान लंडनला गेले असता त्यांच्या मुलाने इंडिया ऑफिसात हा ग्रंथ चाळला. जवळच्या एका तरुण इंग्रजाने त्यास विचारले, तुम्ही हिंदुस्थानी काय? त्याने होय म्हटले खरे, पण लाजेने लाल होऊन लगेच सांगितले की, आपण तेथल्या मूळच्या रानटी लोकांपैकी नाही, आपले पूर्वज बाहेरून आलेले होते. छायाचित्रामुळे माणसास स्वतःच्या देशबांधवांची लाज वाटावी, आणि त्यांच्यापासून आपण निराळे आहोत हे त्याने घाईघाईने सांगावे, यातले दुःख ध्यानात ठेवा. याच व्याख्यानात मला त्याकडे पुन्हा यावयाचे आहे.

दुसरे उदाहरण प्लेगाचे. १८९६ साली मुंबईत प्लेग आला. त्या काळची कितीतरी छायाचित्रे आज उपलब्ध आहेत. घराघरांतून पंपाने पाणी मारले जात आहे, भिंतींना चुना लावला जात आहे, टोप्या घातलेले साहेब तपासणीस उभे आहेत. त्या छायाचित्रांत नळी धरणारे आणि चुन्याचे डबे वाहणारे हातही आहेत. ते हात कोणाचे होते हे कोणी लिहून ठेवले नाही. वास्तविक त्या दिवसांत सारी मुंबई या हातांवर तरली होती. लाखो लोक शहर सोडून गेले, आणि तेव्हाचे म्युनिसिपल कमिशनर स्नो यांस सर्वांत मोठी धास्ती होती ती हलालखोर आणि बिगारी निघून जातील याची. ते गेले तर शहर राहणार नाही, हे त्यांस पुरते कळत होते. ज्याच्या जाण्याने शहर बुडते, त्या माणसाचे नाव छायाचित्राखाली येऊ नये, हा आपला जुना हिशेब आहे.

हा हिशेब उलटा करणारी माणसेही झाली. अमेरिकेत लुईस हाइन नावाचा एक शाळामास्तर होता. १९०८ पासून त्याने बालमजुरीविरुद्ध काम करणाऱ्या एका समितीसाठी सूतगिरण्यांत, खाणींत आणि काचेच्या कारखान्यांत कामास जुंपलेल्या मुलांची छायाचित्रे काढली. मालक आत घेत नसत, म्हणून तो कधी अग्निशमनाचा तपासनीस, तर कधी बायबल विकणारा बनून जाई. मुलाची उंची मोजता येत नसे, म्हणून आपल्या कोटाच्या कितव्या बटणापर्यंत मूल येते हे तो ध्यानात ठेवी, आणि खिशातल्या खिशात हात घालून मुलाचे नाव, वय आणि काम टिपून घेई. मालकाने नाकारले तर हा पुरावा. अमेरिकेत बालमजुरीवर बंधन घालणारा देशव्यापी कायदा पुढे १९३८ साली झाला. हाइन दोन वर्षांनी दारिद्र्यातच वारला.

आपल्याकडे सुनील जाना झाले. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळात कम्युनिस्ट पक्षाचे सरचिटणीस पी. सी. जोशी यांनी या तरुणास आणि चित्तप्रसाद या चित्रकारास मिदनापूरकडे नेले. जानांची छायाचित्रे मुंबईहून निघणाऱ्या 'पीपल्स वॉर' या पक्षाच्या पत्रात छापून आली. त्याच पत्राची मराठी आवृत्ती म्हणजे 'लोकयुद्ध'. भुकेने मेलेल्यांची संख्या सरकार लपवीत होते, त्या वेळी या छायाचित्रांनी ती माणसे लोकांच्या डोळ्यांपुढे उभी केली. जानांनी पुढे खाणकामगार, आदिवासी, गिरणीकामगार, शेतकरी यांचीही छायाचित्रे काढली. २०१२ साली वयाच्या चौऱ्याण्णवाव्या वर्षी ते वारले.

सुधारक ओलवे यांचे काम या परंपरेतले आहे, पण एका बाबतीत ते निराळे आहे. हाइन कारखान्यात चोरून जाई आणि निघून येई. जाना दुष्काळात गेले. दुष्काळ हे संकट असते. ते येते आणि सरते. ओलवे ज्यांच्याकडे गेले त्यांच्यावर कोणतेही नवे संकट आलेले नव्हते. रोज सकाळी साडेसहाच्या सुमारास चौकीवर हजेरी लावून ते जे काम शंभर वर्षे करीत आले होते, तेच करीत होते. वृत्तपत्राच्या भाषेत ती बातमीच नव्हती.

सन २००० च्या सुमारास ओलवे या कामगारांच्या मागे जाऊ लागले. मुंबई महापालिकेत तीस हजारांच्या आसपास सफाई कामगार असतात. त्यांतले बहुतेक सर्व दलित. कोणी रस्ता झाडतो, कोणी हाऊसगल्लीत उतरतो, कोणी मोटार लोडर म्हणून कचऱ्याच्या गाडीवर असतो, कोणी गटाराच्या भोकात शिरतो. हाऊसगल्ली म्हणजे काय हे इकडच्या श्रोत्यांस सांगितले पाहिजे. मुंबईच्या जुन्या दोन इमारतींमध्ये मागच्या बाजूस एक चिंचोळी वाट असते. संडासाचे नळ तेथून खाली येतात, आणि वरच्या मजल्यांवरून लोक खिडकीतून जे नको ते खाली टाकतात. तेथे घमेले आणि फावडा घेऊन जो उतरतो त्याच्या डोक्यावर वरून काय पडेल याचा नेम नसतो. शहरातील सभ्य माणसाने ही गल्ली बहुधा पाहिलेलीच नसते, जरी ती त्याच्याच स्वयंपाकघराच्या मागे असते.

ओलवे यांनी ही छायाचित्रे बहुतांशी काळ्यापांढऱ्या रंगांत काढली आहेत. मुंबईस एका सभेनिमित्त गेलो असता एका सहकाऱ्याने ती मला प्रथम दाखविली. गटाराच्या तोंडातून वर आलेला, मैल्याने माखलेला माणूस. कचऱ्याच्या ढिगाबरोबर गाडीत बसलेली माणसे. उघड्या हातांनी आणि उघड्या पायांनी चाललेले काम. हे सर्व मी जाणून होतो. मला थांबविले ते पुढच्या छायाचित्रांनी. तेच कामगार घरी आले आहेत. खोली लहान, भिंतीवर बाबासाहेबांची आणि बुद्धाची तसबीर, बायको, मुले. छायाचित्रकार कामाच्या जागेवरून परत फिरला नाही. तो त्यांच्यामागून घरापर्यंत गेला आणि तेथे बसला. एका दिवसाच्या ओळखीने माणूस असा घरात घेत नाही, हे संघटनेचे काम करणारास वेगळे सांगावयास नको. पहिल्या दिवशी तो तुम्हांस दारात उभा करतो. चहा विचारतो तो सहा महिन्यांनी.

दारूचा विषयही त्यांनी टाळला नाही. येथे मला एक कबुली दिली पाहिजे. आम्ही संघटनेची माणसे भाषणांत कामगाराच्या दारूविषयी बोलत नाही. मालक आणि अधिकारी त्याचेच भांडवल करतात, म्हणून आम्ही ती झाकतो. पण जो रोज सकाळी त्या भोकात उतरतो तो शुद्धीत राहून उतरत नाही, आणि ती दारू पुढे त्याच्याबरोबर घरी जाते, बायकोस मारते, आणि निवृत्तीचे वय येण्याआधीच त्यास नेते, हे आम्हां सर्वांस ठाऊक आहे. ओलवे यांनी ते दाखविले ते त्या माणसाची नालस्ती करण्यासाठी नव्हे; दारू हीसुद्धा त्या कामाची एक किंमत आहे आणि ती पगारातून वळती होते, हे त्यांच्या छायाचित्रांवरून कळते.

कामगार मेला म्हणजे काय होते, हेही त्या कामातून दिसते. राहण्याची खोली महापालिकेची, आणि ती नोकरीबरोबर बांधलेली. नोकरी गेली तर खोली गेली. म्हणून नवऱ्यामागे बायको झाडू हातात घेते, तिच्यामागे मुलगा. सफाई कामगाराच्या वारसास नोकरी देण्याची तरतूद आपल्या राज्यात लाड-पागे समितीच्या शिफारशींनी झाली. ही तरतूद टिकविण्यासाठी आम्ही मोर्चे काढले आहेत आणि पुढेही काढू, कारण ती गेली तर हजारो घरे रस्त्यावर येतील. तरीही एकांतात विचार करताना मनास बोचते की, ज्या झाडूतून सुटका व्हावयाची त्याचाच वारसाहक्क मिळविण्यासाठी आम्ही लढतो. शिकलेला मुलगा, प्रसंगी पदवीधर, बापाच्या जागी लागतो आणि खराटा घेतो. हा पेच कोणत्याही ठरावात मांडता येत नाही. ओलवे यांच्या छायाचित्रांतून एका खोलीत बसलेल्या तीन पिढ्या पाहिल्या म्हणजे तो पेच एका क्षणात ध्यानात येतो.

या कामास २००५ साली नॅशनल जिऑग्राफिक संस्थेचा 'ऑल रोड्स' पुरस्कार मिळाला. जगातून निवडलेल्या चार छायाचित्रकारांत ते एक होते. पुढे ही छायाचित्रे 'इन सर्च ऑफ डिग्निटी अँड जस्टिस' या नावाने ग्रंथरूपात आली. परदेशांतील मोठ्या शहरांतून त्यांच्या छायाचित्रांची प्रदर्शने झाली. २०१६ साली भारत सरकारने त्यांस पद्मश्री दिली. दरम्यान त्यांनी वेश्यावस्तीतील स्त्रियांची आणि दलितांवरील अत्याचारांत घरचे माणूस गमावलेल्या कुटुंबांचीही छायाचित्रे काढली. त्यांत खून झालेल्याचे छायाचित्र हातात धरून बसलेले आईबाप आहेत. खटले वर्षानुवर्षे चालतात, वर्तमानपत्र दुसऱ्या बातमीकडे वळते, आणि घर तेथेच असते. वर्तमानपत्र वळल्यावरही जो त्या घरी जातो, त्याचे काम बातमीदारापेक्षा इतिहासकाराच्या अधिक जवळचे आहे.

आता कोणी विचारील, पुरस्कार मिळाला, पद्मश्री मिळाली. कामगारास काय मिळाले? हा प्रश्न रास्त आहे, आणि त्याचे उत्तर फुगवून देण्याची माझी इच्छा नाही. छायाचित्राने कोणाचा पगार वाढत नाही. जे मिळाले ते संघटनेने आणि न्यायालयात झगडून मिळाले आहे. १९३५ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबईत म्युनिसिपल कामगार संघ स्थापन केला, तेथपासून ही परंपरा चालत आली आहे. कायम कामगारांस संघटनेमुळे काही हक्क मिळाले, तसे ठेकेदारी आली. ठेकेदाराच्या माणसास ना हजेरीपट, ना रजा, ना फंड. मुंबईत १९९७ साली कचरा वाहतूक श्रमिक संघ निघाला तो या ठेक्यातल्या कामगारांचा. काही काळ तर या कामगारांस कामगारही म्हणेनात. त्यांचे नाव 'स्वयंसेवक' ठेवले आणि पगाराचे नाव 'मानधन'. जणू काय ही माणसे पहाटे उठून हौसेने लोकांचा कचरा उचलीत होती! २०१४ साली औद्योगिक न्यायाधिकरणाने सत्तावीसशे कामगारांस कायम करण्याचा निर्णय दिला, आणि ७ एप्रिल २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो कायम केला. त्यानंतरही कागदोपत्री नावाच्या अक्षरांत फरक आहे, अशा कारणांवरून कित्येकांची नेमणूक रखडली.

माणूस समोर उभा आहे, त्याच्या हातावर वीस वर्षांचे घट्टे आहेत, आणि प्रश्न विचारला जातो की, तू तोच कशावरून? गरिबाला स्वतःची ओळख सिद्ध करावी लागते ती अशी. गटारात मरणाऱ्याचेही तेच. हाताने मैला साफ करविण्यास बंदी करणारा कायदा १९९३ साली झाला, दुसरा अधिक कडक कायदा २०१३ साली झाला. १९९३ पासून गटारात मेलेल्या प्रत्येकाच्या कुटुंबास दहा लाख रुपये द्यावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१४ मध्ये सांगितले, आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये ती रक्कम तीस लाखांवर नेली. परंतु रक्कम मिळण्यासाठी आधी हे सिद्ध व्हावे लागते की, मेलेला माणूस त्या कामावर होता. ठेकेदार म्हणतो, मी यास ओळखत नाही. म्हणून मी आरंभी म्हणालो की, ओलवे यांचे काम समजण्यास हजेरीपट वाचता आला पाहिजे. हजेरीपटात ज्याचे नाव नाही तो कामावर होता, हे छायाचित्र सांगते.

आता माझा स्वतःचा एक अनुभव सांगून हे व्याख्यान संपवितो. तो माझ्या चुकीचा आहे.

काही वर्षांपूर्वी आम्ही आपल्या भागातील एका नगरपालिकेच्या ठेक्यावरील सफाई कामगारांची संघटना बांधीत होतो. मुंबईस पाहिलेली ती छायाचित्रे माझ्या मनात होती. मी हौसेने त्याच धर्तीवर एका ओळखीच्या फोटोवाल्याकडून आमच्या कामगारांची छायाचित्रे काढविली. कचऱ्याचे ढीग, माखलेले हात, सर्व काही. ती मोठी करून त्यांच्याच वस्तीत सभेच्या दिवशी लावली. सभेस लोक आले, पाहू लागले, आणि हळूहळू शांत झाले. मला वाटले, परिणाम झाला. इतक्यात एक बाई पुढे आली. पन्नाशीची, वीस वर्षे झाडूचे काम केलेली. ती मला म्हणाली, "भाऊ, हे फोटू इथं नोका लावू. माह्या पोरीले पाहाले परवा पावने येनार हायेत. त्यायले मी आफिसात कामाले हाव म्हणून सांगतलं हाय." मग थोडे थांबून म्हणाली, "आफिसात तं हावच. झाडाले."

लोक हसले. मी छायाचित्रे काढून घेतली. त्या रात्री राजापेठेस परत येताना मला लंडनच्या कचेरीत तो ग्रंथ चाळणारा सर सय्यद यांचा मुलगा आठवला. मीही तेच केले होते. मी कामगाराच्या बाजूचा होतो, पण छायाचित्र काढविताना मी त्यास विचारले नव्हते, की तुझे काय दाखवावयाचे? मला त्यांचे दुःख हवे होते. ते माझ्या भाषणास उपयोगी होते. ती बाई मात्र वीस वर्षे आपले काम लपवून घराची अब्रू राखीत आली होती, आणि मी ती भिंतीवर टांगली.

ओलवे यांनी एक गोष्ट केली, तिचे महत्त्व मला तेव्हा कळले. २००५ साली त्यांनी फोटोग्राफी प्रमोशन ट्रस्ट ही संस्था काढली. ज्यांच्या हातात कॅमेरा येण्याचा संभव नाही अशा लोकांस छायाचित्रण शिकविणे, हे तिचे काम. म्हणजे ज्यांची छायाचित्रे काढावयाची त्यांच्याच हाती कॅमेरा द्यावयाचा. वर्षानुवर्षे एकाच वस्तीत जाणे आणि नंतर कॅमेरा त्या वस्तीच्या हाती देणे, या दोन गोष्टी मी केल्या नव्हत्या. मी एका सकाळी फोटोवाला घेऊन गेलो होतो.

पुढे आमचे प्रकरण कामगार न्यायालयात उभे राहिले. ही माणसे आमच्याकडे कधी कामास नव्हतीच, असे प्रतिपक्षाचे म्हणणे. हजेरीपट ठेकेदाराकडे, आणि ठेकेदार तिसराच बदललेला. आम्ही पुरावे गोळा करीत असता तीच बाई एके दिवशी माझ्याकडे आली. पदराखालून तिने प्लॅस्टिकची पिशवी काढली. आत तिच्या धाकट्या मुलीने मोबाइलवर काढलेली आणि दुकानातून छापून आणलेली छायाचित्रे होती. एका छायाचित्रात पाचसहा बायका कचेरीच्या फाटकाशी सकाळी उभ्या आहेत, अंगात ठेकेदाराने दिलेले जाकीट, हातात खराटे, आणि सगळ्या मोठ्याने हसत आहेत. बाई म्हणाली, "हे दाखवा साहेबाले. यात आमी बऱ्या दिसतो."

समोरच्या वकिलाने विचारले, यात तारीख कोठे आहे? आम्ही छायाचित्र पुन्हा पाहिले. बायकांच्या मागे भिंतीवर त्या साली बसलेल्या गणपतीचा फलक होता, आणि त्यावर सन छापलेला होता. हाइनने कोटाच्या बटणांनी मुलांची उंची मोजली, तसे आम्ही गणपतीच्या फलकावरून साल मोजले. ते छायाचित्र पुराव्यात दाखल झाले. प्रकरणाचा निकाल अजून लागलेला नाही.

आपण अमरावतीकर. आपल्याच जिल्ह्यातील शेंडगावी १८७६ साली गाडगेबाबा जन्मले, आणि २० डिसेंबर १९५६ रोजी वलगावजवळ पेढीच्या पुलावर त्यांनी देह ठेवला. त्यांची समाधी आपल्या गावात आहे. हातात खराटा धरलेली त्यांची तसबीर कोणत्या कचेरीत नाही? पुष्पहार घालून आपण ती पूजतो. बाबा गावात आले की आधी गाव झाडीत आणि मग कीर्तनास उभे राहत. त्या तसबिरीतील खराट्यास आपण नमस्कार करतो, आणि पहाटे राजापेठ चौकात जी बाई तोच खराटा घेऊन उभी असते, तिच्या बाजूने आपली गाडी धूळ उडवीत जाते. ओलवे यांची छायाचित्रे मिळतील तेथे आपण अवश्य पाहावीत. परंतु ती पाहून झाल्यावर उद्या सकाळी चौकातल्या बाईस तिचे नाव विचारावे. तिचे नाव ठाऊक असलेले चार लोक गावात असले, तर उद्या एखाद्या न्यायालयात तिला साक्षीदार मिळतील.